दार बंद झाल्यावर : होसे लुईस लोपेस वास्केस या नटाचं प्रकरण

१९७२ सालच्या सुरुवातीला स्पेनमधल्या प्रेक्षकांनी पडद्यावर एक चाळिशी ओलांडलेली, अविवाहित, देवभीरू बाई पाहिली. लहान गाव, नीटनेटकं घर, रविवारचं चर्च, अंगावर गडद रंगाचे कपडे. ही बाई सकाळी आरशासमोर उभी राहून दाढी करते. त्याच वर्षी १३ डिसेंबरला स्पेनच्या सरकारी दूरचित्रवाणीवर सूट-टाय घातलेला एक गृहस्थ टेलिफोनच्या लाल बूथमध्ये शिरला. दार बंद झालं, ते पुन्हा उघडलंच नाही. ती बाई आणि तो गृहस्थ, दोन्ही भूमिका एकाच नटाच्या. या नटाला त्याआधीची दहा-बारा वर्षं सगळा देश पोट धरून हसण्यासाठी बघत होता.

होसे लुईस लोपेस वास्केस. माद्रिदच्या माणसाच्या तोंडी हे नाव 'लोपेथ बाथकेथ' असं ऐकू येतं. मी आपल्याकडे रुळलेला सोपा उच्चार घेतो. जन्म माद्रिदचा, ११ मार्च १९२२. मृत्यूही माद्रिदमध्येच, २ नोव्हेंबर २००९. मधल्या काळात दोनशेहून अधिक चित्रपट, शिवाय रंगभूमी आणि दूरचित्रवाणी. आपण ज्याला चरित्र अभिनेता म्हणतो त्याला स्पॅनिशमध्ये 'आक्तोर दे रेपार्तो' म्हणतात, म्हणजे पात्रयोजनेतला, वाटणीत आलेला नट. नायक ठरला की बाकीच्या भूमिका ज्यांच्यात वाटल्या जातात, त्यांच्यातला एक.

इथे त्याची सगळी कारकीर्द सांगायची नाही. मला एकच परिस्थिती तपासायची आहे. १९६७ ते १९७४ या सात वर्षांत विनोदी नट म्हणून शिक्का बसलेल्या या माणसाच्या हातून एकामागून एक अशा भूमिका झाल्या की स्पॅनिश सिनेमाचा इतिहास त्यांच्याशिवाय लिहिता येत नाही. हे घडलं कसं? नेहमीचं उत्तर असं, की विनोदी नटाने आपण गंभीर भूमिकाही करू शकतो हे सिद्ध केलं. मला ते पटत नाही. त्याने स्वतःला फारसं बदललंच नाही, हे माझं म्हणणं आहे. चेहरा तोच, चाल तीच, घाईही तीच. दिग्दर्शकांनी त्याच्याभोवतीचं जग बदललं आणि आपण इतकी वर्षं कोणाला हसत होतो, हे प्रेक्षकांच्या लक्षात आलं.

कपडेपटातून आलेला माणूस

लोपेस वास्केस अभिनयात आला तो मागच्या दाराने. चाळीसच्या दशकात तो रंगभूमीसाठी वेशभूषेची रेखाटनं करायचा, नेपथ्य करायचा. सिनेमात साहाय्यक दिग्दर्शक म्हणूनही त्याने काम केलं. विद्यापीठाच्या नाट्यमंडळींत वावरता वावरता तो रंगमंचावर उभा राहिला. ही माहिती त्याच्या प्रत्येक चरित्रात एका ओळीत उरकलेली असते. मला मात्र ती फार मोलाची वाटते. जो माणूस आधी इतरांसाठी कपडे रेखाटतो, त्याला एक गोष्ट पक्की कळलेली असते. कॉलर किती घट्ट आहे, कोट खांद्यात किती सैल आहे, टोपी हातात आहे की डोक्यावर, यावरून पात्राची पगाराची पावती वाचता येते. त्याच्या कुठल्याही भूमिकेत आधी कपडे बघा. ते कधीच नुसते 'घातलेले' नसतात. कधी तो त्यांच्यात कोंबलेला असतो, कधी त्यांच्यामागे लपलेला.

अंगकाठी साधी. उंची बेताची, टक्कल लवकर पडलेलं, बऱ्याच चित्रपटांत ओठांवर बारीक मिशी. स्पेनमध्ये याला नायक कोणी केलं नसतं. पण स्पॅनिशमध्ये 'एस्पान्योलितो' असा एक शब्द आहे, म्हणजे छोटासा स्पॅनिश माणूस. कारकुनी करणारा, साहेबाला घाबरणारा, बायकांकडे चोरून बघणारा, हप्ते फेडणारा. त्या माणसाला चेहरा हवा होता. तो सापडला.

पहिला मोठा पुरावा 'एल पिसितो', म्हणजे 'छोटंसं घर'. १९५९ मध्ये तो लोकांपुढे आला. इटालियन दिग्दर्शक मार्को फेरेरी, त्याच्या जोडीला इसिदोरो फेरी आणि कथा-पटकथा राफाएल आस्कोनाची. रोदोल्फो आणि त्याची वाग्दत्त वधू वर्षानुवर्षं लग्नासाठी थांबलेली, कारण माद्रिदमध्ये भाड्याचं घर मिळत नाही. शेवटी उपाय निघतो. रोदोल्फो जिच्याकडे पोटभाडेकरू आहे, त्या म्हाताऱ्या भाडेकरू बाईशी त्याने लग्न करायचं, म्हणजे ती गेल्यावर भाडेकरार त्याच्या नावावर राहील. ज्यांनी मुंबईच्या चाळींतल्या पागडीचे किस्से ऐकलेत, त्यांना हे गणित समजावून सांगावं लागणार नाही. लोक या चित्रपटाला हसले. पण रोदोल्फोचा चेहरा बघा. तो कुठेच विनोद करत नाही. तो फक्त 'हो' म्हणत राहतो. वधूला हो, म्हातारीला हो, साहेबाला हो. अन्याय करणाराही तोच आणि सोसणाराही तोच. १९५९ मध्येच हे सगळं त्याच्यात होतं. पुढे कोणाला ते शोधून काढावं लागलं नाही, नीट बघावं लागलं.

दोन वर्षांनी लुईस गार्सिया बेर्लांगाचा 'प्लासिदो' आला. नाताळची रात्र, एक आडगाव. 'आपल्या टेबलावर एका गरिबाला जेवायला बसवा' अशी मोहीम निघालेली, प्रेशर कुकरची कंपनी तिची प्रायोजक. तीनचाकी टेम्पोवाल्या प्लासिदोचा पहिला हप्ता त्याच रात्री भरायचा आहे, त्या पैशांसाठी तो वणवण फिरतो आणि कोणाला वेळ नाही. लोपेस वास्केस इथे मोहिमेचा संयोजक किंतानिया. त्याला सर्दी झालेली आहे. चित्रपटभर तो नाक ओढतो, धावतो, माफी मागतो, ओळख करून देताना आपल्या वडिलांच्या लाकडाच्या वखारीचा दाखला देतो. एक सर्दी, एक बापाचं नाव आणि संपत नसलेली घाई, एवढ्यावर उभा केलेला माणूस. प्लासिदोचं काम मार्गी लावण्याचं वचन तो प्रत्येक वेळी मनापासून देतो आणि प्रत्येक वेळी दुसरं काहीतरी निघतं. 'प्लासिदो'ला परभाषी चित्रपटाच्या ऑस्करचं नामांकन मिळालं.

१९६२ मध्ये होसे मारिया फोर्केच्या 'अत्राको आ लास त्रेस' या चित्रपटात तो बँकेतला गालिंदो झाला. स्वतःच्याच बँकेवर दरोडा घालायचा बेत आखणारा कारकून. सुंदर ग्राहक स्त्री समोर येताच आपण तिचे चाहते, दास, मित्र, सेवक असल्याचं तो एका दमात जाहीर करतो. ते वाक्य स्पेनमध्ये आजही लोकांच्या तोंडी आहे. त्याच वर्षी 'ला ग्रान फामिलिया' या पंधरा मुलांच्या कुटुंबाच्या गोष्टीत तो मुलांचा लाडका धर्मपिता झाला, मिठाईच्या दुकानाचा मालक. आता तो घरोघरी पोहोचला.

आणि साचा बसला.

साचा

साठच्या दशकातली स्पॅनिश चित्रपटसृष्टी कशी चालायची, हे लक्षात घ्यायला हवं. फ्रँकोची हुकूमशाही, सेन्सॉरची मंडळं, आणि त्याच वेळी पर्यटन वाढतंय, मध्यमवर्गाच्या दारात छोटी मोटार येतेय. स्वस्तात, झटपट बनणारे विनोदी चित्रपट हमखास चालायचे. लोपेस वास्केस एका वर्षात इतके चित्रपट करायचा की वेगवेगळ्या दिग्दर्शकांच्या सेटवर तो एकच कोट घालून गेला असता तरी कोणाच्या लक्षात आलं नसतं. ग्रासिता मोरालेस या चिरक्या आवाजाच्या, विलक्षण लोकप्रिय नटीबरोबर त्याची जोडी जमली. चिडका, घाबरट, आतून कामातुर, वरून सभ्य, हा माणूस तो झोपेतही उभा करू शकत होता.

या चित्रपटांबद्दल खरं तेच सांगायला हवं. त्यातले बरेच आज बघवत नाहीत. पटकथा ढिल्या, बायकांवरचे विनोद हीन. पण त्यातही त्याने काम कधी उरकलेलं नाही. हलक्यातल्या हलक्या चित्रपटात दोन मिनिटं अशी सापडतात, जिथे त्याच्या चेहऱ्यावर खरीखुरी भीती येऊन जाते, आणि चित्रपट तिच्याकडे लक्ष न देता पुढे सरकतो. दिग्दर्शक कार्लोस साउराने लक्ष दिलं.

कात्री

१९६७. या एकाच सालात तो 'सोर सित्रोएन'मध्ये आहे, म्हणजे मोटार चालवणाऱ्या जोगिणीच्या निखळ गल्लाभरू विनोदी चित्रपटात, आणि साउराच्या 'पेपरमिंट फ्रापे'मध्येही. दुसऱ्या चित्रपटात तो कुएन्का या जुन्या गावातला क्ष-किरणतज्ज्ञ डॉक्टर हुलियान. श्रेयनामावलीतच दोन हात दिसतात. फॅशनच्या मासिकांतून बायकांची चित्रं कापून वहीत नीट चिकटवणारे हात. घाई नाही, चुका नाहीत. चेहरा दिसायच्या आधी हा माणूस काय आहे ते कळतं.

हुलियानचा बालमित्र आफ्रिकेतून परत येतो तो गोरी, मोकळी, परदेशी बायको घेऊन. ही जेराल्डिन चॅप्लिन. हुलियानच्या दवाखान्यातली साधी परिचारिकाही तीच झाली आहे. हुलियान त्या परिचारिकेला हळूहळू मित्राच्या बायकोसारखं घडवत जातो. कपडे, केस, पापण्या. शेवटी मित्र आणि त्याची बायको दोघंही मरतात. हा खुनी तोच सभ्य, बावळट, बायकांकडे चोरून बघणारा माणूस आहे, ज्याच्या चोरट्या नजरेवर प्रेक्षक दहा वर्षं हसत होते. साउराने त्याला नवा चेहरा दिला नाही. त्याच चेहऱ्यासमोर कॅमेरा थोडा जास्त वेळ ठेवला, आणि मागचं विनोदी संगीत काढून घेतलं. एवढ्याने हसू घशात अडकतं.

निर्माता एलियास केरेहेता. १९६८ मध्ये साउराला बर्लिन चित्रपट महोत्सवात दिग्दर्शनाचं पारितोषिक, रौप्य अस्वल, मिळालं. त्याच वर्षी फ्रान्समधल्या कान चित्रपट महोत्सवात हा चित्रपट दाखवला जात असताना पॅरिसमध्ये विद्यार्थ्यांचं आंदोलन पेटलेलं होतं. त्याला पाठिंबा म्हणून गोदार, त्रुफो आदी फ्रेंच दिग्दर्शकांनी महोत्सवच थांबवायचं ठरवलं. पडदा उघडू नये म्हणून जे लोक त्याला लोंबकळले, त्यांत स्वतः साउरा आणि जेराल्डिन चॅप्लिनही होते. आपल्याच चित्रपटाचा पडदा त्यांनी ओढून धरला. या नटाचं खरं काम जगापुढे यायची वेळ आली आणि पडदा बंद राहिला.

१९७० मध्ये दोन भूमिका लागोपाठ आल्या. साउराच्या 'एल हार्दिन दे लास देलिसियास'मध्ये तो मोटार अपघातात स्मृती गमावलेला, चाकाच्या खुर्चीत बसलेला कारखानदार आहे. तिजोरी कशी उघडायची आणि स्वित्झर्लंडच्या बँकेतल्या खात्याचा नंबर काय, हे फक्त त्यालाच माहीत होतं. म्हणून घरचे लोक त्याच्या लहानपणीचे प्रसंग नाटकासारखे त्याच्यापुढे उभे करतात, आठवण यावी म्हणून. या भूमिकेत त्याच्याकडून त्याचं सगळं भांडवल काढून घेतलं आहे. भरभर बोलणं नाही, हातवारे नाहीत, धावपळ नाही. उरतात फक्त डोळे. दुसरा चित्रपट पेद्रो ओलेआचा 'एल बोस्के देल लोबो', 'लांडग्याचं रान'. एकोणिसाव्या शतकातला गालिसिया प्रांत, आणि फेफरं येणारा, दारोदार फिरून वस्तू विकणारा बेनितो फ्रेइरे. गाव त्याला लांडगा-माणूस समजतं आणि तो खरोखरच माणसं मारतो. मूळ प्रकरण खरं, रोमासांता नावाच्या गुन्हेगाराचं. इथे मात्र मला माझ्याच म्हणण्याला मुरड घालावी लागते. बेनितोत जुना लोपेस वास्केस जवळजवळ सापडत नाही. दाढी, चिंध्या, जंगल, सगळंच वेगळं. तरी गावकऱ्यांपुढे तो ज्या नम्रतेने मान घालतो, ती मात्र बँकेतल्या गालिंदोची आहे.

शिलाई

आता पुन्हा १९७२ कडे. हाइमे दे आर्मिन्यानचा 'मी केरिदा सेन्योरिता', म्हणजे 'माझ्या प्रिय बाईसाहेब', पटकथा त्याची आणि होसे लुईस बोराऊची. पन्नाशीतला, देशभर ओळखीचा, टकला विनोदी नट बाईच्या भूमिकेत. हे ऐकलं की कुठल्याही देशातला प्रेक्षक हसायच्या तयारीनेच थिएटरात शिरेल. स्पेनचाही तसाच शिरला असणार.

आदेला मात्र कोणाला हसवत नाही. ती आवाज चिरका करत नाही, कंबर हलवत नाही, हातरुमाल उडवत नाही. ती फक्त स्वतःला आवरून बसते. गुडघे जुळलेले, हात मांडीवर, नजर जराशी खाली. लहान गावातल्या एकट्या बाईने कसं असावं याची शिकवण जिला आयुष्यभर मिळाली आहे, तशी. बँकेतला एक भला अधिकारी तिला मागणी घालतो आणि ती गोंधळते. पुरुषाच्या जवळिकीने तिला काहीच वाटत नाही, घरातल्या मोलकरणीबद्दल, इसाबेलिताबद्दल मात्र काहीतरी वाटतं. ती पाद्र्याकडे जाते, मग डॉक्टरकडे. डॉक्टरच्या भूमिकेत सहलेखक बोराऊ स्वतःच आहे. तो तिला सांगतो की ती बाई नाही.

आज अशा व्यक्तीसाठी आपल्याकडे आंतरलिंगी हा शब्द आहे. त्या काळच्या स्पेनमध्ये हा विषय उघड बोलता येत नव्हता. चित्रपटही त्याला नाव देत नाही आणि म्हणूनच नटावर सगळा भार येतो.

दुसऱ्या भागात आदेला माद्रिदला येते ती हुआन म्हणून. पुरुषाचा सूट, पुरुषाचे बूट, खिशात एकही कागद नाही. ओळखपत्रच नाही, म्हणून नोकरी नाही. शाळेत जे शिकवलं ते बाईला शिकवतात तेवढंच. मग हा माणूस खानावळीतल्या आपल्या खोलीत, दार लावून, चोरून शिवणकाम करतो. पोटापाण्यासाठी त्याला येणारी एकमेव गोष्ट शिवण आहे आणि ती त्याला लपवावी लागते.

तो प्रसंग मी दोन-तीनदा मागे नेऊन पाहिला आहे. मशीनवर कापड सरकवणारा हात बघा. खांदे पुरुषाच्या कोटात अवघडलेले आहेत, पण हात मोकळा आहे, सराईत आहे. सगळ्या चित्रपटात हुआन जर कुठे निवांत असेल तर त्या मशीनपाशी. कपडेपटातून आलेल्या नटालाच हे जमू शकतं, असं मला वाटतं. कापड कुठे धरायचं हे त्याच्या बोटांना आधीपासून ठाऊक असणार.

इसाबेलिता त्याला माद्रिदमध्ये पुन्हा भेटते, आता एका कॅफेत काम करणारी. ही हुलिएता सेर्रानो, तिचंही काम फार सुंदर आहे. दोघं जवळ येतात. शेवटी हुआन म्हणतो की एक दिवस तुला काहीतरी सांगायचं आहे. ती उत्तर देताना त्याला सहज, पूर्वीसारखं 'सेन्योरिता' म्हणते. मोलकरीण मालकिणीला म्हणते तसं. तिला सगळं माहीत होतं. एका शब्दात चित्रपट संपतो. या चित्रपटालाही ऑस्करचं नामांकन मिळालं. त्या वर्षी पारितोषिक गेलं ते लुईस बुन्युएलच्या फ्रेंच चित्रपटाला, म्हणजे दुसऱ्या एका स्पॅनिश माणसाला.

बूथ

'ला काबिना', म्हणजे 'बूथ', फक्त ३५ मिनिटांचा आहे. अंतोनियो मेर्सेरोने तो दूरचित्रवाणीसाठी केला, लेखन त्याचं आणि होसे लुईस गार्सीचं. मी तो पहिल्यांदा पाहिला तेव्हा खाली भाषांतराच्या ओळी नव्हत्या आणि माझं स्पॅनिश नमस्कार-चमत्कारापुरतं. काही अडलं नाही. दार बंद झाल्यावर त्याचा आवाज बाहेरच्या कोणापर्यंत पोहोचतच नाही.

इमारतींच्या मधल्या मोकळ्या जागेत कामगार एक नवा लाल बूथ उभा करून जातात. सकाळी एक गृहस्थ मुलाला शाळेच्या बसमध्ये बसवतो आणि फोन करायला आत शिरतो. फोन बंद. बाहेर पडायला जातो तर दार उघडत नाही. सुरुवात अगदी त्याच्या जुन्या विनोदी चित्रपटांसारखी आहे. तो ओशाळं हसतो, येणाऱ्या-जाणाऱ्यांना खुणा करतो, टाय सारखा करतो. आपला वेंधळेपणा चार लोकांना दिसला याचीच त्याला जास्त लाज वाटते. लोक जमतात. एक धटिंगण जोर लावून बघतो. पोलिस येतो. मुलं वेडावतात. गर्दी हसते, आणि घरी बसलेला प्रेक्षकही हसतो, कारण हा 'आपला' लोपेस वास्केस आहे. तो अडचणीत सापडला की हसायचं, ही सवय लागलेली आहे.

मेर्सेरोने याच सवयीवर सगळी इमारत बांधली आहे. अग्निशामक दलाचे लोक काच फोडणार इतक्यात टेलिफोन कंपनीची माणसं येतात. अत्यंत शांतपणे बूथ बोल्टांसकट उचलतात आणि ट्रकवर चढवतात. गर्दी हात हलवून निरोप देते. ट्रक शहरातून निघतो. तो अजूनही अर्धवट हसतोय. मग शेजारून दुसरा ट्रक येतो. त्यावरही तसाच लाल बूथ, आत तसाच एक माणूस. दोघं एकमेकांकडे बघतात.

त्या क्षणी त्याच्या चेहऱ्यावर काय होतं ते थांबवून बघावं. हसू एकदम जात नाही. आधी डोळ्यांतून जातं. ओठ अजून हसतच असतात, कारण त्यांना कोणी सांगितलेलंच नाही. मग तेही खाली येतात. आपल्या बाबतीत घडलेली ही चूक नाही, ही व्यवस्था आहे, हे त्याला कळतं. १९७२ च्या स्पेनमध्ये हे वाक्य कोणी बोलू शकलं नसतं. बोलायचं कामच नव्हतं.

पुढे डोंगरातले बोगदे येतात. ते चित्रीकरण दुएरो नदीवरच्या आल्देआदाविला जलविद्युत केंद्रात झालं. आतल्या गोदामात बूथच बूथ, प्रत्येकात एकेक माणूस, मेलेला. एकाने फोनच्या वायरीने गळफास घेतलेला. आपला माणूस काचेला टेकून खाली घसरतो. शेवटी पुन्हा तीच सकाळची मोकळी जागा, कामगार नवा बूथ बसवताहेत, दार उघडं.

दुसऱ्या दिवसापासून स्पेनमध्ये लोक फोन करताना एक पाय दारात अडकवून उभे राहू लागले, असं तिथे नेहमी सांगतात. १९७३ मध्ये या लघुपटाला आंतरराष्ट्रीय एमी हा दूरचित्रवाणीचा पुरस्कार मिळाला. बूथ म्हणजे हुकूमशाही की मृत्यू की एकटेपणा, यावर पुष्कळ लिहिलं गेलंय. मी त्या वादात पडत नाही. मला दिसतं ते इतकंच, की दुसऱ्या कुठल्याही नटाबरोबर हा लघुपट पहिल्या मिनिटापासून भयपट झाला असता. त्याच्याबरोबर तो पंधरा मिनिटं विनोद राहतो, आणि गर्दीत उभं राहून हसणाऱ्यांपैकी आपणही एक होतो, हे नंतर टोचत राहतं.

अर्ध्या चड्डीशिवाय

या प्रकरणातला शेवटचा पुरावा साउराचाच, १९७४ चा 'ला प्रिमा आंहेलिका'. बार्सिलोनात राहणारा लुईस आईच्या अस्थी कुटुंबाच्या थडग्यात ठेवायला सेगोवियाला येतो. १९३६ च्या उन्हाळ्यात, यादवी युद्ध सुरू झालं तेव्हा, तो इथेच मावशीच्या घरी अडकला होता. जुन्या आठवणी सुरू होतात, आणि त्या आठवणींतला लहान मुलगाही लोपेस वास्केसच आहे. केस रंगवलेले नाहीत, मेकअप नाही, अर्धी चड्डी नाही. आजूबाजूचे सगळे १९३६ मधले, आणि मधोमध हा टकला पन्नाशीचा माणूस मुलगा म्हणून उभा.

हे हास्यास्पद व्हायला एक चुकीचं पाऊल पुरे होतं. त्याने मुलाचा आवाज काढला नाही. मोठ्यांकडे बघताना मान किंचित वर, हात बाजूला सोडलेले, कोणी बोलल्याशिवाय बोलायचं नाही, एवढंच ठेवलं. आदेलासाठी आवरून बसलेला देहच इथे मोठ्यांच्या धाकाने आवरलेला आहे. हरलेल्या बाजूच्या बापाचा मुलगा, जिंकणाऱ्यांच्या घरात. त्या घरातल्या फॅसिस्ट काकाचा हात मोडतो आणि प्लास्टरमध्ये नेमका सलामीच्या अवस्थेत वर अडकतो. या प्रसंगाने उजव्या संघटना खवळल्या. माद्रिदच्या एका चित्रपटगृहातून फिल्म पळवली गेली, बार्सिलोनाच्या बाल्मेस चित्रपटगृहात बॉम्ब टाकला गेला. फ्रँको अजून जिवंत होता. कानमध्ये चित्रपटाला ज्यूरी पारितोषिक मिळालं.

नंतर

इथून पुढे तो फक्त मोठ्या दिग्दर्शकांचाच नट झाला, असं लिहिता आलं असतं तर बरं वाटलं असतं. तसं झालं नाही. गल्लाभरू विनोदी चित्रपट चालूच राहिले, सत्तरच्या दशकातले अगदी सवंगही. मला त्यात घसरण दिसत नाही. पात्रयोजनेतला नट बोलावणं आलं की जातो, तो त्याच्या धंद्याचा धर्म आहे. बेर्लांगाने त्याला १९७८ च्या 'ला एस्कोपेता नासिओनाल'मध्ये आणि पुढच्या दोन भागांत सरदार घराण्यातला बिघडलेला मुलगा केलं. १९८२ मध्ये मारियो कामुसच्या 'ला कोल्मेना'त तो युद्धोत्तर माद्रिदच्या कॅफेतल्या गर्दीत आहे. पुढच्या वर्षी त्या चित्रपटाला बर्लिनचं सुवर्ण अस्वल मिळालं. २००४ मध्ये, ऐंशी ओलांडल्यावर, तो अर्जेंटिनात जाऊन हुआन होसे काम्पानेयाच्या चित्रपटात बुडत चाललेल्या एका क्लबचा म्हातारा आधारस्तंभ झाला. २००५ मध्ये स्पॅनिश चित्रपट अकादमीने त्याला गौरव गोया हा सन्मान पुरस्कार दिला. २००७ मध्ये मेर्सेरोने त्याला पुन्हा बोलावलं, अल्झायमरवरच्या चित्रपटासाठी.

त्याआधी, नव्वदच्या दशकाच्या अखेरीस, स्पेनमध्ये दूरध्वनीची मक्तेदारी संपली आणि नव्याने आलेल्या कंपनीने एक जाहिरात केली. त्यात लोपेस वास्केस त्या लाल बूथमध्ये उभा आहे. म्हातारा झालेला, तोच. या वेळी दार उघडतं आणि तो बाहेर येतो, जरासा बिचकत.

२०२१ मध्ये माद्रिदच्या पालिकेने चांबेरी भागात, जिथे ते चित्रीकरण झालं होतं तिथे, एक लाल बूथ उभा केला.